उसाचा दर, अथणीची चप्पल आणि व्यापार कायद्याचा प्राध्यापक

१४ डिसेंबर २०२१ रोजी जिनिव्हात एक निकाल जाहीर झाला. ब्राझील, ऑस्ट्रेलिया आणि ग्वाटेमाला या तीन देशांनी जागतिक व्यापार संघटनेकडे भारताविरुद्ध तक्रार केली होती आणि वाद होता उसाचा. भारत ऊसउत्पादकांना मर्यादेबाहेर आधार देतो, साखरेच्या निर्यातीला अनुदान देतो आणि त्यामुळे जगाच्या बाजारात साखरेचे भाव पडतात, असं त्यांचं म्हणणं. निकाल भारताच्या विरोधात गेला. २०१४-१५ ते २०१८-१९ या सलग पाच हंगामांत भारतानं ऊस उत्पादनाच्या एकूण मूल्याच्या दहा टक्क्यांची मर्यादा ओलांडली, असं निकालात म्हटलं होतं.

त्या पाच हंगामांतला ऊस उत्तर प्रदेशातला होता, कोल्हापूर-सांगलीचा होता आणि आपल्या चिकोडी, रायबाग, अथणी, हुक्केरी, गोकाकचाही होता. कृष्णा, दूधगंगा, वेदगंगा, घटप्रभेच्या पाण्यावर पोसलेला. तरी त्या वर्षी आपल्याकडच्या कट्ट्यांवर, सोसायट्यांत, ऊस परिषदांत या निकालाबद्दल फारसं कुणी बोललं नाही. निकाल लांबलचक, इंग्रजीत, कलमांच्या आकड्यांनी भरलेला. तो उलगडून सांगणारं माणूस जवळ नसेल, तर तो शेतकऱ्यापर्यंत पोचणार कसा?

असं उलगडून सांगणं ज्याचा व्यवसाय आहे, त्या माणसाबद्दल हा लेख आहे: आंतरराष्ट्रीय व्यापार कायद्याचा प्राध्यापक. तो करतो काय, तिथवर पोचायचा रस्ता कसा आहे, आणि सीमाभागातल्या मुला-मुलींनी या वाटेकडे का बघावं, हे मी सांगणार आहे. मी बेळगावात कायदा शिकवतो. घरोघरी प्रश्न एकच असतो, ‘वकिली करणार की जज्ज होणार?’ तिसरा रस्ता बहुतेकांना माहीतच नसतो.

हा कायदा आहे तरी काय

दुसरं महायुद्ध संपल्यावर २३ देशांनी एक करार केला. एकमेकांच्या मालावर आयात शुल्क किती लावायचं, कुणाला सवलत द्यायची, कुणाला अडवायचं, याचे नियम त्यात होते. त्याचं नाव गॅट. १ जानेवारी १९४८ पासून तो लागू झाला आणि भारत त्या पहिल्या २३ देशांत होता. करार तात्पुरता म्हणून आला आणि ४७ वर्षं चालला. १ जानेवारी १९९५ रोजी त्याच्या जागी जागतिक व्यापार संघटना आली. आज तिचे १६६ सदस्य आहेत.

नियमांचा गाभा थोडक्यात असा. एका देशाच्या मालाला जी सवलत दिली, ती बाकीच्या सदस्यांनाही द्यायची. कोणत्या मालावर जास्तीत जास्त किती शुल्क लावू, हे प्रत्येक देशानं लिहून दिलेलं असतं, त्याच्या वर जायचं नाही. परदेशी माल शुल्क भरून आत आला की त्याला देशी मालासारखंच वागवायचं. याला अपवाद आहेत, आणि खरी भांडणं या अपवादांवरच होतात. दोन देशांनी आपसात मुक्त व्यापाराचा करार केला, तर तोही असाच एक अपवाद. २४ जुलै २०२५ रोजी भारत आणि ब्रिटननं सही केलेला करार या प्रकारातला आहे.

अपवादाचं आपल्या जवळचं उदाहरण हवं असेल तर तंबाखूचं घ्या. निपाणीला तंबाखूचं महत्त्व कुणी सांगायला नको. ऑस्ट्रेलियानं २०११ साली कायदा केला की सिगारेटच्या पाकिटावर कंपनीचं रंगीत चिन्ह चालणार नाही, सगळी पाकिटं एकाच मळकट रंगाची हवीत. होंडुरास, डॉमिनिकन रिपब्लिक, क्युबा आणि इंडोनेशिया यांनी त्याविरुद्ध दाद मागितली. हा आमच्या मालावर अन्याय आहे, ट्रेडमार्कचा हक्क मारला जातो, असं त्यांचं म्हणणं. २०१८ मध्ये निकाल ऑस्ट्रेलियाच्या बाजूनं लागला आणि २०२० मध्ये अपिलातही तोच कायम राहिला. लोकांचं आरोग्य राखण्यासाठी सरकार किती पुढे जाऊ शकतं, हा प्रश्न तिथे कस लावून तपासला गेला.

निकाल देतं कोण

भांडण आलं की बहुधा तीन जणांचं मंडळ नेमलं जातं. या मंडळावर कोण बसू शकतं, हे वाद मिटवण्याच्या नियमावलीच्या आठव्या कलमात लिहिलं आहे. व्यापार खात्यातले वरिष्ठ अधिकारी, आधी अशा मंडळावर बसलेले किंवा तिथे बाजू मांडलेले लोक, आणि आंतरराष्ट्रीय व्यापाराचा कायदा किंवा धोरण ज्यांनी शिकवलं आहे वा त्यावर लिहिलं आहे असे लोक. म्हणजे शिकवणं हीच एक पात्रता म्हणून करारात नोंदली गेली आहे. आपल्या कोर्टांत असा थेट दरवाजा प्राध्यापकांना क्वचितच मिळतो. राष्ट्रपती ‘नामवंत कायदेपंडित’ म्हणून एखाद्याला सर्वोच्च न्यायालयावर नेमू शकतात अशी तरतूद घटनेत आहे, पण ती वापरली गेलेली नाही.

या मंडळाच्या वर अपील मंडळ होतं. सात सदस्य, चार वर्षांची मुदत, एकदाच फेरनेमणूक. त्यावर भारताचे ए. व्ही. गणेशन आणि उज्जल सिंग भाटिया बसून गेले आहेत. दोघे प्रशासकीय सेवेतून आलेले. पण त्यांच्या बरोबरीनं वेगवेगळ्या देशांचे कायद्याचे प्राध्यापकही बसत. बेल्जियमचे पीटर व्हान डेन बॉश २००९ ते २०१७ तिथे होते. वर्षानुवर्षं विद्यार्थ्यांना जे शिकवलं, त्याच नियमांवर त्यांनी मग निकाल लिहिले.

या मंडळाबद्दल मी ‘होतं’ असं म्हणतो, कारण डिसेंबर २०१९ पासून तिथे नवी अपिलं ऐकणं बंद आहे. अपील ऐकायला किमान तीन सदस्य लागतात आणि अमेरिकेनं नव्या नेमणुका रोखून धरल्या. उसाच्या निकालावर भारतानं अपील केलं, पण ते ऐकायला तिथे कुणी नाही. अपील पडून असेपर्यंत निकाल मंजूर होत नाही आणि मंजूर न झालेला निकाल बांधील होत नाही. भारतापुरतं हे सोयीचं आहे. पण उद्या आपल्याच मालावर दुसऱ्या देशानं अन्याय केला आणि आपण जिंकलो, तर तोही देश असंच अपील करून मोकळा होईल. म्हणून या कुलूपबंदीत समाधान मानू नये, असं मला वाटतं. काही देशांनी २०२० मध्ये आपसात पर्यायी अपिलाची सोय केली. ब्राझील आणि ऑस्ट्रेलिया त्यात आहेत, भारत नाही.

वर्गातला एक तास

या प्राध्यापकाचं काम कसं चालतं, हे दाखवायला उसाच्या निकालाइतकं चांगलं उदाहरण मला सापडत नाही.

जागतिक व्यापार संघटनेच्या शेतीच्या करारात देशी आधार मोजायची रीत दिली आहे. सरकारनं ठरवलेला दर घ्या. त्यातून एक ‘संदर्भ किंमत’ वजा करा. उरलेल्या फरकाला, जेवढा माल त्या दराला पात्र आहे तेवढ्या मालानं गुणा. आलेला आकडा म्हणजे सरकारनं दिलेला ‘बाजारभावाचा आधार’. विकसनशील देशांसाठी हा आकडा त्या पिकाच्या एकूण मूल्याच्या दहा टक्क्यांच्या आत हवा.

आता मेख बघा. संदर्भ किंमत आजची घ्यायची नसते. ती १९८६ ते १९८८ या तीन वर्षांच्या सरासरीवर कायमची गोठवलेली आहे. हिशेब कळावा म्हणून मनानंच आकडे धरू. तेव्हाचा दर टनाला २०० रुपये होता असं समजा आणि आजचा सरकारी दर ३,००० आहे असं समजा. फरक २,८०० चा. दर पात्र असलेला देशातला सगळा ऊस त्या फरकानं गुणला, तर दहा टक्के कुठल्या कुठे मागे राहतात. मधल्या काळात महागाई वाढली, डिझेल वाढलं, खत वाढलं, तोडणी-वाहतूक वाढली, याची दखल त्या साध्या वजाबाकीत येत नाही. जास्त महागाई झालेल्या देशाचा ‘योग्य विचार’ व्हावा, असं करारात दुसरीकडे म्हटलं आहे, पण तो विचार कसा करायचा याचं सूत्र दिलेलं नाही.

हा भाग शिकवताना रायबागकडची एक विद्यार्थिनी उभी राहिली. ‘सर, सरकारनं आमच्या अप्पांना एक रुपया दिलेला नाही. बिल कारखान्यानं दिलं, ते पण चार महिन्यांनी. मग ही सरकारची मदत कशी काय?’ उसाच्या नियंत्रण आदेशाप्रमाणे ऊस घातल्यापासून १४ दिवसांत पैसे मिळायला हवेत, नाहीतर १५ टक्के व्याज. तेही तिला पाठ होतं, कारण घरात तेच बोलणं चालायचं.

मी तिला सांगितलं, तू आत्ता जे बोललीस, तोच भारत सरकारचा जिनिव्हातला युक्तिवाद होता. एफआरपी, म्हणजे उसाला द्यायचा किमान दर, सरकार ठरवतं, पण पैसे साखर कारखाने देतात. सरकारच्या तिजोरीतून काही जात नाही, सरकार ऊस विकतही घेत नाही, मग तो ‘आधार’ कसा, असं भारतानं मांडलं होतं. मंडळानं ते मान्य केलं नाही. का? मग आम्ही तिसरं परिशिष्ट उघडलं. त्याच्या आठव्या परिच्छेदात फरकाचं गणित आहे आणि पुढे लिहिलं आहे की हा फरक टिकवण्यासाठी सरकारनं खरेदीवर किंवा साठवणुकीवर केलेला खर्च या आकड्यात धरू नये. खर्चच धरायचा नसेल, तर खर्च केला की नाही याला महत्त्व उरत नाही. सरकारनं दर बांधून दिला, तेवढ्यानं फरक तयार होतो. मंडळाचं तर्कशास्त्र साधारण असं चाललं.

ती मुलगी बराच वेळ त्या परिच्छेदावर बोट ठेवून बसली. मग तिनं विचारलं, ‘म्हणजे करार लिहिताना आपण हे मान्य केलं होतं?’ होय, केलं होतं. १९९४ मध्ये, मराकेशमध्ये. मग त्या वेळी आपल्या बाजूनं टेबलावर कोण बसलं होतं, त्यांना उसाचं अर्थकारण माहीत होतं का, कुणी धोक्याची सूचना दिली होती का, असे प्रश्न वर्गात एकामागून एक निघाले. तास संपला तरी कुणी उठेना. प्राध्यापकाच्या कामातला मला सर्वात मोलाचा वाटणारा भाग हाच. विद्यार्थी घरातलं दुखणं घेऊन येतो आणि त्याला कळतं की ते दुखणं कराराच्या कुठल्या परिच्छेदात लिहून ठेवलं आहे.

२०२५ च्या नोव्हेंबरात मुडलगी तालुक्यात गुर्लापूर क्रॉसवर ऊसउत्पादक रस्त्यावर बसले. मागणी टनाला ३,५०० रुपयांची होती, तोडगा ३,३०० वर निघाला. त्या आंदोलनात जिनिव्हाचा उल्लेख नव्हता आणि असायचं कारणही नव्हतं. पण दराला सरकार हात लावतं त्या प्रत्येक वेळी तो हिशेब मागे कुठेतरी चालू असतो. कर्नाटक आणि केंद्र दोघांना सल्ला देणारी, हा हिशेब घडाघडा वाचणारी माणसं हवीत, आणि ती ऊस बघितलेली असली तर फार बरं.

चपलेचं नाव

दुसरं उदाहरण पायातलं. कोल्हापुरी चप्पल म्हटली की सगळ्यांना कोल्हापूर आठवतं, पण अथणी, निपाणी, चिकोडीच्या बाजूला पिढ्यानपिढ्या ती घडवणारी घरं आहेत. हिरडा आणि बाभळीच्या सालीत कमावलेलं चामडं, थर एकावर एक ठेवून चामड्याच्याच वादीनं घातलेली शिवण, दोन्ही बाजूंचे कान, वर पट्टा आणि अंगठा. खिळा नाही. बारीक वेणी घालायचं काम बहुतेक बायका करतात. उजेडाकडे तोंड करून, मांडीवर तळ घेऊन, चामड्याच्या सुतासारख्या पट्ट्या त्या इतक्या भरभर गुंफतात की बघणाऱ्याला पट्टी कुठून आत गेली ते कळत नाही.

२०१९ मध्ये या चपलेला जीआय, म्हणजे मालाचं नाव त्याच्या मूळ प्रदेशाशी बांधणारा भौगोलिक निर्देशांक मिळाल्याचं जाहीर झालं. तो आठ जिल्ह्यांना मिळून आहे. महाराष्ट्राचे कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर आणि कर्नाटकाचे बेळगाव, धारवाड, बागलकोट, विजापूर. महाराष्ट्राचं लिडकॉम आणि कर्नाटकाचं लिडकर ही दोन्ही महामंडळं त्याची नोंदणीकृत धारक आहेत. दोन राज्यांत सीमेचा वाद सर्वोच्च न्यायालयात पडून असताना चपलेनं मात्र दोघांना एका कागदावर आणलं. मला ही गोष्ट फार महत्त्वाची वाटते आणि सीमाभागातल्या मुलांना ती माहीत असावी.

जून २०२५ मध्ये प्राडा या इटलीच्या कंपनीनं मिलानमधल्या फॅशन शोमध्ये हुबेहूब कोल्हापुरी वाटणारी चप्पल दाखवली आणि तिला नुसतं ‘लेदर सँडल’ म्हटलं. आपल्याकडे संताप उसळला. टीका झाल्यावर कंपनीनं मान्य केलं की प्रेरणा भारतीय कारागिरीची होती. त्या दिवसांत मला सगळ्यांत जास्त विचारला गेलेला प्रश्न होता, ‘सर, केस ठोकता येत नाही का?’

उत्तर सरळ होतं, पण ऐकायला कडू. जीआय नावाचं रक्षण करतं. कुणी दुसरीकडे केलेल्या चपलेला ‘कोल्हापुरी’ म्हणून विकलं, तर ते फसवणुकीत येतं. नाव न वापरता आकार उचलला, तर जीआयचा कायदा जवळजवळ हतबल असतो. शिवाय भारतातली नोंदणी भारतापुरती. बौद्धिक संपदेच्या जागतिक कराराच्या २२ व्या कलमानं सर्व वस्तूंना साधं संरक्षण दिलं आहे, ते ग्राहकाची दिशाभूल होऊ नये एवढंच. २३ व्या कलमानं मात्र वाइन आणि मद्याला जादा कवच दिलं. ‘शॅम्पेनसारखी’ असं लिहूनही दुसऱ्या प्रदेशातली वाइन विकता येत नाही. चपलेला, साडीला, तांदळाला ते कवच नाही. भारत कितीतरी वर्षं ते सगळ्याच वस्तूंना द्या असं म्हणत आहे. द्राक्षाच्या दारूला एक न्याय आणि चामड्याच्या कामाला दुसरा, हा भेद कुणाच्या सोयीनं लिहिला गेला, हे वेगळं सांगायला नको.

पुढे डिसेंबर २०२५ मध्ये प्राडानं लिडकॉम आणि लिडकर या दोघांशी करार केला. महाराष्ट्र आणि कर्नाटकात सुमारे २,००० जोड बनवून घ्यायचे, किंमत एका जोडाला ८०० युरोच्या आसपास. त्यातलं कारागिराच्या हातात किती पडणार, हे कराराच्या अटींवर ठरतं, आणि अशा अटी वाचून कारागिराच्या बाजूनं बोलणारा कायदा जाणणारा माणूस आपल्याकडे हवा.

त्याच महिन्यात आणखी एक गोष्ट झाली, तिची बातमी कमी आली. युरोपीय संघात तोवर जीआय शेतमाल, खाद्यपदार्थ आणि मद्याला मिळत असे. १ डिसेंबर २०२५ पासून हस्तकला आणि औद्योगिक वस्तूंसाठीही तो लागू झाला. म्हणजे कोल्हापुरी चपलेची थेट युरोपात नोंदणी मागायला आता कायद्यात जागा आहे. अर्ज कसा करायचा, वस्तूचं वर्णन किती काटेकोर लिहायचं, कुठल्या गावात कुठली पायरी होते हे कसं सिद्ध करायचं, हे काम पाच-सहा विद्यार्थी आणि एक प्राध्यापक मिळून करू शकतात. अथणीत जाऊन, कारागिरांशी मराठीत आणि कन्नडमध्ये बोलून.

तिथवर जायचं कसं

आता रस्ता. बारावीनंतर पाच वर्षांचा कायद्याचा अभ्यासक्रम किंवा पदवीनंतर तीन वर्षांचा. राष्ट्रीय विधी विद्यापीठांसाठी क्लॅट ही प्रवेश परीक्षा. पण क्लॅटला नंबर लागला नाही म्हणून वाट बंद होत नाही. बेळगावचं राजा लखमगौडा विधी महाविद्यालय ज्या संस्थेचं आहे, ती कर्नाटक लॉ सोसायटी १९३९ पासून उभी आहे, आणि भारताचे सरन्यायाधीश झालेले ई. एस. वेंकटरामय्या तिथे शिकले होते. हुबळीला राज्य विधी विद्यापीठ आहे.

त्यानंतर एलएलएम, म्हणजे कायद्यातली पदव्युत्तर पदवी. २०१३ पासून ते एका वर्षातही करता येतं. मग नेट ही परीक्षा किंवा पीएचडी. सहायक प्राध्यापक व्हायला यातलं एक लागतं, वर चढायला पीएचडी लागतेच. यूजीसीच्या वेतनश्रेणीत सहायक प्राध्यापकाचं सुरुवातीचं मूळ वेतन ५७,७०० रुपये आणि प्राध्यापकाचं १,४४,२०० रुपये, भत्ते वेगळे. खाजगी महाविद्यालयांत चित्र फार वेगवेगळं असतं आणि बऱ्याच ठिकाणी कंत्राटी नेमणुका असतात. हे आधीच माहीत असू द्यावं. पहिली काही वर्षं घरच्यांचा आधार लागतो आणि वकिली करणारे वर्गमित्र पुढे गेल्यासारखे वाटतात.

व्यापार कायद्याकडे वळायचं असेल तर नवी दिल्लीतल्या भारतीय विदेश व्यापार संस्थेकडे लक्ष ठेवावं. तिथे वाणिज्य मंत्रालयानं १९९९ मध्ये डब्ल्यूटीओ (जागतिक व्यापार संघटना) अभ्यास केंद्र आणि पुढे व्यापार व गुंतवणूक कायद्याचं वेगळं केंद्र सुरू केलं. तरुण वकील आणि संशोधक तिथे सरकारसाठी टिपणं लिहितात, करारांचे मसुदे तपासतात, वादांची तयारी करतात. त्यातले पुढे शिकवायला येतात. शिकवणारेही अधूनमधून सरकारला सल्ला देतात. हे येणंजाणं या विषयात इतर शाखांपेक्षा जास्त आहे.

परदेशी जायचं तर स्वित्झर्लंडमध्ये बर्नला वर्ल्ड ट्रेड इन्स्टिट्यूट आहे आणि जिनिव्हात तर संघटनाच आहे. खर्च ऐकून हबकायला होतं. पण केंद्र सरकारची राष्ट्रीय परदेश शिष्यवृत्ती आहे, १२५ जागांची. बहुतांश जागा अनुसूचित जातींच्या विद्यार्थ्यांसाठी, काही भटक्या-विमुक्तांसाठी, आणि थोड्या भूमिहीन शेतमजूर व पारंपरिक कारागिरांच्या मुलांसाठी. चप्पल घडवणाऱ्या घरातल्या मुलानं बर्नला जाऊन जीआयवर संशोधन करावं, यासाठी सरकारी कागदावर जागा आहे. दरवर्षी ती जाहिरात निघते तेव्हा अथणी-निपाणीच्या किती घरांत ती पोचते, हा आपल्या सगळ्यांना विचारायचा प्रश्न आहे.

विद्यार्थी असतानाच एक गोष्ट जरूर करावी: मूट कोर्ट, म्हणजे अभिरूप न्यायालय. व्यापार कायद्याची जगभर चालणारी स्पर्धा जॉन जॅक्सन यांच्या नावानं आहे. एक काल्पनिक वाद देतात आणि प्रत्येक संघानं तक्रारदार आणि प्रतिवादी अशा दोन्ही बाजू लिहायच्या असतात. ज्याला आपण चूक समजतो त्याची बाजू मनापासून मांडायला लागली की माणूस वाचायला शिकतो.

जॅक्सन

हे जॅक्सन कोण, हे सांगितल्याशिवाय या व्यवसायाचं चित्र पुरं होत नाही. अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीत १९३२ साली जन्म. मिशिगन विद्यापीठात कायद्याचे प्राध्यापक. साठच्या दशकात गॅट हा मुत्सद्द्यांचा विषय होता, वकील त्याच्याकडे फिरकत नसत. करार तात्पुरता, कलमं विस्कळीत, पुरवणी कागद इकडेतिकडे. जॅक्सननी जिनिव्हात राहून ते कागद वाचून काढले आणि १९६९ मध्ये गॅटच्या कायद्यावर मोठा ग्रंथ लिहिला. मग काही काळ अमेरिकेच्या व्यापार प्रतिनिधी कार्यालयात कायदा सल्लागार म्हणून काम करून ते पुन्हा शिकवायला परतले.

१९९० मध्ये त्यांनी एक छोटं पुस्तक लिहून मांडलं की हा तात्पुरता करार आता पुरे, त्याच्या जागी रीतसर संघटना हवी, तिला सनद हवी, वाद मिटवायची पक्की यंत्रणा हवी. त्याच वर्षी कॅनडानं अशा संघटनेचा प्रस्ताव वाटाघाटींत ठेवला. पाच वर्षांनी संघटना उभी राहिली. एकट्या माणसाचं हे काम नव्हे, शेकडो लोक त्यात होते. पण आराखडा एका प्राध्यापकाच्या टेबलावर तयार झाला होता, हे बरेच जण मान्य करतात. आपण जे शिकवलं त्यातून जगाची एक संस्था उभी राहिलेली बघायला मिळणं, हे भाग्य फार थोड्या शिक्षकांच्या वाट्याला येतं. २०१५ मध्ये ते गेले.

आपल्याकडेही ही परंपरा आहे. दिल्लीच्या जवाहरलाल नेहरू विद्यापीठात बी. एस. चिमणी यांनी वर्षानुवर्षं शिकवलं आणि लिहिलं, तेही वेगळ्या बाजूनं: हे नियम गरीब देशांच्या डोळ्यांतून वाचले तर कसे दिसतात. उसाच्या गोठवलेल्या किमतीवर किंवा वाइनच्या जादा कवचावर जो राग येतो, त्याला शास्त्रशुद्ध भाषा देणारं हे काम आहे. सीमाभागातल्या विद्यार्थ्यानं जॅक्सन आणि चिमणी दोघेही वाचावेत.

इंग्रजीचं काय

हा प्रश्न प्रत्येक पालक विचारतो. मराठी किंवा कन्नड माध्यमातून आलेल्या मुलाला पहिलं वर्ष जड जातं, ते खरं आहे. माझा अनुभव असा की बोलायचं इंग्रजी नंतर येतं, वाचायचं इंग्रजी आधी पक्कं करावं लागतं, आणि या विषयात वाचनच निम्म्याहून जास्त आहे. एका परिच्छेदावर दोन तास बसायची तयारी असेल तर माध्यम आड येत नाही. उलट घरात मराठी, बाजारात कन्नड, कोर्टात इंग्रजी अशी सवय असलेलं मूल अथणीतल्या कारागिराशी आणि दिल्लीतल्या अधिकाऱ्याशी एकाच आठवड्यात बोलू शकतं. दिल्ली-मुंबईच्या फार थोड्या संशोधकांना ते जमतं.

पुस्तकांचा खर्चही वाटतो तेवढा नाही. जागतिक व्यापार संघटनेचे सगळे करार, सगळे निकाल, वादातली बहुतेक कागदपत्रं तिच्या संकेतस्थळावर फुकट आहेत. सुरुवात करायची असेल तर आधी शेतीच्या कराराचं सहावं आणि सातवं कलम आणि तिसरं परिशिष्ट वाचा, मिळून थोडीच पानं होतात. मग उसाचा निकाल उघडा. वाद क्रमांक ५७९, ५८० आणि ५८१. पहिल्यांदा सगळा वाचू नका, बाजारभावाच्या आधाराचा भाग तेवढा वाचा. शेजारी वही ठेवा आणि मंडळानं भारताचा प्रत्येक मुद्दा कशाच्या आधारे फेटाळला, ते मराठीत लिहून काढा. जिथे तुम्हाला मंडळाचं पटणार नाही, तिथे का पटत नाही तेही लिहा. ती वही घेऊन तुमच्या कॉलेजातल्या आंतरराष्ट्रीय कायद्याच्या शिक्षकांकडे जा.